अग्निपर्वताची वाट

बुलढाणा जिल्ह्यातील वडनेर भोलजी हे गाव पूर्णा नदीच्या सपाट खोऱ्यात वसलेले आहे. उत्तरेस सातपुडा, दक्षिणेस अजिंठ्याचे डोंगर आणि मध्ये काळ्याभोर जमिनीचा विस्तीर्ण पट्टा, असे या मुलखाचे रूप आहे. पावसाळ्यात ही माती पायांना चिकटून बसते. वैशाखात तिला हात आत जाईल एवढ्या भेगा पडतात. आणि तिच्यातच कपाशी, ज्वारी व तूर ही पिके डोलतात. ही माती मूळची कोठली, हा प्रश्न तिच्यात राबणाऱ्यांच्या मनात सहसा येत नाही. त्याचे उत्तर मात्र मोठे विस्मयकारक आहे. ही माती एके काळी अग्निरूप होती.

सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी आजच्या महाराष्ट्राच्या भूमीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून लाव्हारस बाहेर येऊ लागला. शंकूच्या आकाराचा एखादा डोंगर फुटला आणि आग ओकू लागला, असे येथे घडले नाही. भेगांतून आलेला पातळ रस पुराच्या पाण्याप्रमाणे दूरवर पसरे, थिजे आणि काही काळाने त्याच्यावर दुसरा थर येऊन बसे. असे थरावर थर साचून दख्खनचे पठार तयार झाले. त्याचा काळा पाषाण आजही सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेश व्यापून आहे. सह्याद्रीच्या कड्यांवर पायऱ्यांसारखे जे आडवे पट्टे दिसतात, ते हेच थर होत. अजिंठ्याची लेणीही याच पाषाणात कोरलेली आहेत. ऊन, वारा व पाऊस यांनी हा पाषाण झिजला, नद्यानाल्यांनी त्याची माती वाहून आणली आणि पूर्णेच्या खोऱ्यात पसरली.

महाराष्ट्रातील तो अग्नी केव्हाच शांत झाला. बुलढाणा जिल्ह्यातच असलेले लोणारचे सरोवर म्हणजे ज्वालामुखीचे मुख असावे, असे पुष्कळांना फार दिवस वाटत असे. परंतु प्रचंड आघातानेच निर्माण होणारी एक प्रकारची काच तेथील खडकांत सापडली आणि ते विवर उल्कापाताने झाले आहे, हे सिद्ध झाले. भारताच्या हद्दीत आज जागृत असा एकच ज्वालामुखी आहे. तो अंदमानच्या समुद्रात, श्रीविजयपुरम् म्हणजे पूर्वीच्या पोर्ट ब्लेअरपासून सुमारे १४० किलोमीटरवर, बॅरन नावाच्या बेटावर आहे. त्याच्या उद्रेकाची पहिली नोंद १७८७ सालची आहे. पुढे दीडशेहून अधिक वर्षे शांत राहून १९९१ साली तो पुन्हा जागा झाला. त्या बेटावर मनुष्यवस्ती नाही. प्रवाशांनी त्याचे दर्शन बोटीतून, दुरूनच घ्यावयाचे असते.

ज्या अग्नीने आपली भूमी घडविली तो प्रत्यक्ष पाहावा, अशी इच्छा असणाऱ्यास म्हणूनच परदेशी जावे लागते. इटली, इंडोनेशिया, ग्वाटेमाला अशा देशांत जाणत्या वाटाड्यांच्या सोबतीने लोक रात्रीच्या वेळी ज्वालामुखीचे दर्शन घेण्यासाठी डोंगर चढतात. यांपैकी मध्य अमेरिकेतील ग्वाटेमाला देशातील चढाई विशेष उद्बोधक आहे. तेथे दोन ज्वालामुखी शेजारी शेजारी उभे आहेत. एकाचे नाव आकातेनांगो. त्याची उंची ३,९७६ मीटर असून तो सध्या निद्रिस्त आहे. दुसऱ्याचे नाव फ्वेगो. त्याची उंची ३,७६३ मीटर आहे आणि गेली अनेक वर्षे तो वारंवार आग ओकत आला आहे. स्पॅनिश भाषेत 'फ्वेगो' या शब्दाचा अर्थच मुळी अग्नी असा आहे. जाग्या डोंगरावर पाय न ठेवता निजलेल्या डोंगराच्या अंगावरून त्याच्याकडे पाहावयाचे, अशी ही योजना आहे. आपल्या महाराष्ट्रातील सर्वांत उंच शिखर जे कळसूबाई, त्याची उंची १,६४६ मीटर आहे, हे ध्यानात घेतले म्हणजे या चढाईची कल्पना येईल.

चढाई सकाळी सुरू होते. डोंगराच्या पायथ्याशी ला सोलेदाद नावाचे खेडे आहे. तेथून वाट प्रथम मक्याच्या शेतांमधून जाते. मग दाट, ओलसर अरण्य लागते. ढग झाडांच्या फांद्यांत अडकून राहिल्यासारखे तेथे दिसतात. त्यापुढे पाइन वृक्षांचे विरळ वन आणि शेवटी राख व सुटी खडी यांचा उघडा उतार. या राखेत पाय रुततो आणि मागे घसरतो. दोन पावले पुढे टाकावी तेव्हा एक पाऊल पदरात पडते. पाठीवर पाणी, अन्न आणि गरम कपडे यांचे ओझे असते. पाच-सहा तासांनी सुमारे ३,६०० मीटर उंचीवरील मुक्कामाची जागा येते. तेथे राहुट्या उभारलेल्या असतात.

सूर्य मावळला की समोरच्या डोंगराचे रूप पालटते. दिवसा फ्वेगोच्या माथ्यावर करड्या धुराचा लोट तेवढा दिसतो. काळोख पडल्यावर मात्र शिखरातून तांबडे कारंजे उसळताना दिसते. तापलेले दगड आकाशात उंच फेकले जातात, कमानीसारखे वळून खाली येतात आणि उतारावरून निखाऱ्यांच्या माळा गडगडत जातात. यासाठीच हे दर्शन रात्री घ्यावयाचे असते. निखारा दिवसाही तेवढाच तापलेला असतो. परंतु सूर्याच्या प्रखर प्रकाशापुढे त्याची लाली लोपून जाते.

येथे आणखी एक गोष्ट ध्यानात येते. आगीचे कारंजे आधी दिसते आणि त्याचा गडगडाट मागाहून ऐकू येतो. प्रकाश तत्काळ पोहोचतो. ध्वनीला मात्र एक किलोमीटर अंतर तोडण्यास सुमारे तीन सेकंद लागतात. ज्योत दिसताच अंक मोजू लागावे आणि आवाज आला की थांबावे. आलेल्या सेकंदांना तिनाने भागले की अंतर किलोमीटरमध्ये मिळते. वीज चमकल्यावर पावसाळी ढग किती दूर आहे, हे वडनेरच्या शेतात उभे राहूनही याच रीतीने काढता येते.

आता प्रश्न असा की, वाट पायाखाली स्पष्ट दिसत असता वाटाड्या कशासाठी हवा? वाट दाखविणे हे वाटाड्याचे सर्वांत सोपे काम होय. त्याची खरी कामे निराळी आहेत. वारा कोणत्या दिशेने वाहतो हे तो पाहतो, कारण राख वाऱ्याबरोबर येते आणि ती डोळ्यांत व श्वासात गेली तर माणूस हतबल होतो. काही ज्वालामुखींवर कर्बद्विप्राणिद वायू बाहेर पडतो. तो हवेपेक्षा जड असल्यामुळे खोलगट जागी साचतो, त्याला वासही नसतो. अशा ठिकाणी कोठे बसू नये हे अनुभवी माणसालाच ठाऊक असते. उंचावर हवा विरळ होते. एखाद्याचे डोके दुखू लागले, त्याला मळमळू लागले, त्याचे पाऊल अडखळू लागले, तर तो नुसता दमला आहे की त्याला तत्काळ खाली नेले पाहिजे, हे वाटाड्या ओळखतो.

अग्नीच्या शेजारी थंडीची भीती ती कसली, असे कोणास वाटेल. परंतु २०१७ सालच्या जानेवारी महिन्यात याच आकातेनांगोवर सहा गिर्यारोहक कडाक्याच्या थंडीने गारठून मरण पावले. समोरचा डोंगर आग ओकत असला तरी त्याची ऊब तीन किलोमीटर पलीकडील माणसाला मिळत नाही. म्हणून जाणता वाटाड्या निघण्यापूर्वी प्रत्येकाचे कपडे तपासतो आणि पुरेसे कपडे नसलेल्यास पायथ्याशीच थांबवितो. त्या वेळी तो कठोर वाटतो. पण त्या कठोरपणातच दयाबुद्धी असते.

ज्वालामुखीच्या शांततेवर विश्वास ठेवता येत नाही. जपानमधील ओंताके हे ३,०६७ मीटर उंचीचे शिखर गिर्यारोहकांचे आवडते स्थान आहे. २७ सप्टेंबर २०१४ रोजी, शनिवारी, शरद ऋतूतील सुंदर हवेत पुष्कळ लोक तेथे गेले होते. धोक्याची पातळी त्या दिवशी सर्वांत खालची होती. दुपारी बाराच्या सुमारास जमिनीखालील पाण्याची एकाएकी वाफ होऊन मोठा स्फोट झाला. लाव्हारस मुळीच बाहेर आला नाही. परंतु उडालेल्या दगडांनी व राखेने ६३ माणसे मृत वा बेपत्ता झाली. ज्यांना जवळच्या झोपड्यांचा आसरा मिळाला त्यांतील अनेक वाचले. इंडोनेशियातील सुमात्रा बेटावर मारापी नावाचा ज्वालामुखी आहे. त्याच्या मुखापासून ३ किलोमीटरच्या आत कोणी जाऊ नये, असे शास्त्रज्ञांनी सांगून ठेवले होते. तरीही लोक वर गेले, आणि ३ डिसेंबर २०२३ रोजी झालेल्या उद्रेकात २४ गिर्यारोहक प्राणांस मुकले.

या दोन घटनांतून दोन निरनिराळे बोध होतात. मारापीची घटना सांगते की, शास्त्राने आखलेली मर्यादा ओलांडू नये. ओंताकेची घटना सांगते की, शास्त्राची दृष्टीही सर्वत्र पोहोचत नाही. म्हणून मर्यादेच्या आत असतानाही सावधपणा सोडू नये. भूकंपमापक यंत्रे, जमिनीचा फुगवटा मोजणारी साधने आणि बाहेर पडणाऱ्या वायूंचे परीक्षण यांच्या साह्याने शास्त्रज्ञ ज्वालामुखीची नाडी पाहत असतात. यंत्रांचे सांगणे आणि प्रत्यक्ष डोंगराचे लक्षण या दोहोंची सांगड घालून निर्णय घेणे, हे वाटाड्याचे काम. अनेक तास चढून आलेल्या, पैसे मोजलेल्या, शिखर डोळ्यांपुढे दिसत असलेल्या माणसांना 'आता परत फिरायचे' असे सांगण्यास फार मोठे मनोधैर्य लागते. ते शब्द निमूटपणे मानण्यासही थोडे धैर्य लागत नाही. परत फिरणे हे भ्याडपणाचे लक्षण समजणाऱ्याने अशा डोंगरावर जाऊच नये.

सर्व ठीक असले तर पहाटे चारच्या सुमारास मंडळी राहुट्यांतून निघतात आणि उरलेली चढण चढून उजाडण्याच्या वेळी आकातेनांगोचा माथा गाठतात. पूर्वेस आग्वा नावाचा तिसरा ज्वालामुखी दिसतो. 'आग्वा' म्हणजे पाणी. १५४१ साली त्याच्या उतारावरून आलेल्या चिखलाच्या लोंढ्याने त्या प्रदेशाची तत्कालीन राजधानी उद्ध्वस्त केली होती. अशा रीतीने एका बाजूस अग्नी आणि दुसऱ्या बाजूस पाणी, अशी नावे धारण करणारे दोन पर्वत तेथे समोरासमोर उभे आहेत.

त्यांच्या पायथ्याशी हिरवीगार शेते पसरलेली दिसतात. ३ जून २०१८ रोजी फ्वेगोचा भयंकर उद्रेक झाला. तापलेली राख, दगड व वायू यांचा लोट उतारावरून धावत आला आणि सान मिगेल लोस लोतेस हे गाव त्याखाली गाडले गेले. शेकडो माणसे मृत्युमुखी पडली वा बेपत्ता झाली. इतके होऊनही लोक त्या डोंगराच्या पायथ्याशी राहतात, याचे कारण तेथील माती. ज्वालामुखीच्या राखेपासून झालेली ती जमीन अतिशय सुपीक असून तेथील कॉफी जगभर प्रसिद्ध आहे. डोंगराच्या पायथ्याशी शेती करणाऱ्या कुटुंबांतील काहीजण प्रवाशांचे वाटाडे झाले आहेत. लहानपणापासून त्यांनी त्या डोंगराचा आवाज ऐकलेला असतो. नेहमीचा गडगडाट कोणता आणि निराळा कोणता, हे त्यांच्या कानांस कळते.

पूर्णेच्या खोऱ्यातील शेतकऱ्याला आपली काळी माती शांत, थंड आणि तयार झालेली मिळाली आहे. ग्वाटेमालाच्या शेतकऱ्याची माती अजून तयार होत आहे, आणि ती घडविणाऱ्या अग्नीच्या छायेत त्याला संसार करावा लागतो. दोघांच्या शेतांचे मूळ एकच. अंतर आहे ते केवळ ६.६ कोटी वर्षांचे.