मळणीचा बैल आणि तारणाची व्याप्ती

प्राण्यांविषयी ख्रिस्ती धर्म काय सांगतो, हा प्रश्न मराठी वाचकासमोर बहुधा ताटातून येतो. हैदराबादेत सुलतान बाजार, काचीगुडा, बरकतपुरा अशा भागांत मराठी, तेलुगू आणि उर्दू बोलणारी कुटुंबे शेजारी राहत आली असली, तरी कोण काय खातो यावरून त्याचा धर्म आणि पुष्कळदा जातही ताडण्याची सवय तेथेही सुटलेली नाही. त्यामुळे ख्रिस्ती म्हणजे मांसाहारी, आणि म्हणून मुक्या जनावरांविषयी बेफिकीर, असा समज सहज पसरतो. ख्रिस्ती ईश्वरविद्येत, म्हणजे ईश्वर, सृष्टी आणि तारण यांचा पद्धतशीर विचार करणाऱ्या शास्त्रात, आहाराचा प्रश्न मात्र पहिल्याच शतकात बराचसा मागे पडला. वाद राहिला तो जनावराचे दुःख ईश्वराच्या लेखी मोजले जाते की नाही, याविषयीचा.

बायबलच्या पहिल्याच अध्यायात मनुष्याला मासे, पाखरे आणि पशू यांच्यावर सत्ता दिली आहे, आणि निसर्गाच्या लुटीचे समर्थन म्हणून हेच वचन पुढे केले जाते. त्याच्या लगेच पुढच्या वचनांत मनुष्य आणि पशू या दोघांनाही अन्न म्हणून केवळ वनस्पती नेमून दिल्या आहेत, आणि मांस खाण्याची मुभा नोहाच्या जलप्रलयानंतर, तीही रक्त वर्ज्य ठेवून, मिळते, याकडे क्वचितच लक्ष जाते. ‘निर्गम’ या ग्रंथातील नियमशास्त्रात शब्बाथ, म्हणजे सातव्या दिवसाची सक्तीची विश्रांती, बैल आणि गाढव यांनाही सांगितली आहे. पोळ्याला वर्षातून एकदा बैलाच्या मानेवरचे जू उतरवणाऱ्या मराठी शेतकऱ्याला हा साप्ताहिक हक्क फार उदार वाटला असता. ‘अनुवाद’ या ग्रंथात तर मळणी करणाऱ्या बैलाला मुसके बांधू नये, अशी स्पष्ट आज्ञा आहे. संत पौलाने करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्रात हीच आज्ञा घेतली, देवाला बैलांची काळजी आहे काय असा प्रश्न केला आणि तिचा अर्थ धर्मप्रचारकांच्या उपजीविकेकडे वळवला. बैलाच्या तोंडचा घास असा प्रचारकाच्या पदरात पडला, आणि पुढच्या अनेक भाष्यकारांनी तो परत करण्याची तसदी घेतली नाही.

तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस यांनी अॅरिस्टॉटलच्या आधारे या वळणाला तात्त्विक बैठक दिली. वनस्पतींत केवळ वाढणारा, पशूंत संवेदना असणारा आणि मनुष्यात विवेक असणारा असे आत्म्याचे तीन प्रकार मानून, पशूचा आत्मा देहाबरोबरच नष्ट होतो, असे त्यांनी प्रतिपादले. पशूंशी क्रौर्याने वागू नये हे त्यांना मान्य होते, पण त्याचे प्रमुख कारण असे की जनावराला छळणारा हात उद्या माणसावर उठतो. याच्या अगदी उलट भूमिका मेथडिस्ट पंथाचे प्रवर्तक जॉन वेस्ली यांनी १७८१च्या एका प्रवचनात घेतली. संपूर्ण सृष्टी कण्हत मुक्तीची वाट पाहत आहे, या रोमकरांस पत्रातील विचाराचा त्यांनी शब्दशः अर्थ लावला आणि अंतिम तारणात पशूंनाही पूर्वीहून थोर अवस्था प्राप्त होईल, असे मांडले. वेस्लीच्या परंपरेतील मिशनऱ्यांनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात निजामाच्या राज्यात काम सुरू केले, आणि १९२४ साली पूर्ण झालेले मेदकचे भव्य कॅथीड्रल त्याच कार्यातून उभे राहिले. म्हणजे प्राण्यांना स्वर्गात जागा देणारा हा विचार ज्या पंथाच्या प्रवर्तकाचा, तो पंथ हैदराबादकरांना परका नाही.

मराठी इतिहासात या प्रश्नाचा सर्वांत गुंतागुंतीचा अनुभव पंडिता रमाबाईंच्या वाट्याला आला. २९ सप्टेंबर १८८३ रोजी इंग्लंडमधील वाँटेज येथे बाप्तिस्मा घेतल्यानंतरही त्यांनी शाकाहार सोडला नाही, आणि त्यांची धर्ममाता सिस्टर जेराल्डीन यांना त्यात जुन्या जातीच्या अभिमानाचा अवशेष दिसला. हा आक्षेप सर्वस्वी निराधार म्हणता येत नाही, कारण ब्राह्मण घरातील शाकाहार हा दयेइतकाच सोवळ्याचा भाग होता आणि त्याच्या आधारे इतरांना हीन लेखले जात होते. तरीही रमाबाईंचे उत्तर ईश्वरविद्येच्या दृष्टीने अधिक भक्कम होते, असेच म्हणावे लागते: नव्या श्रद्धेशी विसंगत नसलेल्या पूर्वजांच्या चालीरीती टाकण्याचे कारण नाही, ही त्यांची भूमिका होती, आणि कोणी केवळ भाजी खातो तर कोणी सर्व काही खातो, त्यांनी एकमेकांना दोष लावू नये, हा पौलाचाच उपदेश त्यांच्या बाजूने होता. रमाबाई आणि सिस्टर जेराल्डीन यांचा पत्रव्यवहार १९७७ साली महाराष्ट्र राज्य साहित्य संस्कृती मंडळाने प्रकाशित केला. त्यात मिशनच्या छत्राखाली राहूनही स्वतःचा विवेक गहाण न टाकणारी स्त्री जागोजागी भेटते. एक गोष्ट मात्र खटकते. या वादात सगळे बोलणे खाणाऱ्याच्या शुद्धतेविषयी आणि अभिमानाविषयी आहे. जे खाल्ले जाते त्या जीवाच्या वेदनेला त्यात फारशी जागा मिळत नाही.

ती जागा मिळवून देण्याचे श्रेय इतरांना जाते. लंडनमध्ये १८२४ साली प्राणिक्रौर्य प्रतिबंधक संस्था स्थापन करणारे आर्थर ब्रूम हे अँग्लिकन धर्मगुरू होते आणि संस्थेच्या कर्जापायी त्यांना तुरुंगवासही घडला. अलीकडे अँड्र्यू लिंझी या अँग्लिकन विचारवंताने प्राण्यांचे हक्क माणसाच्या कृपेवर नव्हे, तर निर्मात्याचा स्वतःच्या निर्मितीवर जो हक्क असतो त्यावर आधारलेले आहेत, असा सिद्धांत मांडला. कॅथलिक चर्चच्या १९९२च्या अधिकृत धर्मशिक्षण ग्रंथात प्राण्यांना विनाकारण यातना देणे निषिद्ध ठरवले आहे, पण तेथेही कारण मानवी प्रतिष्ठेचेच दिले आहे. पोप फ्रान्सिस यांच्या २०१५च्या ‘लाउदातो सी’ या परिपत्रकाने त्यापुढे जाऊन, इतर जीव केवळ मनुष्याच्या उपयोगासाठी नाहीत आणि प्रत्येकाला स्वतःचे मूल्य आहे, हे स्पष्ट केले.

हा फरक केवळ पंडिती नाही, हे गोव्याच्या धिरयोवरून कळते. भातकापणीनंतर मोकळ्या शेतांत आणि विशेषतः सासष्टीतील गावांत चर्चच्या फेस्ताच्या निमित्ताने दोन बैलांची झुंज लावली जाते. स्पेनप्रमाणे बैलाला ठार मारले जात नाही, एक पळाला की झुंज संपते. वास्तविक बैलांच्या खेळांवर पोप पायस पाचवे यांनी १५६७ सालीच, म्हणजे गोवा पोर्तुगीजांच्या ताब्यात असताना, कडक बंदी घातली होती, आणि हे खेळ चालू देणाऱ्या राजांना धर्मबहिष्काराची तंबी दिली होती. आठच वर्षांत त्यांच्या उत्तराधिकाऱ्याने ती स्पेनपुरती बरीच शिथिल केली. पायस यांच्या मूळ फर्मानात ख्रिस्ती दयाभावाचा उल्लेख असला, तरी मुख्य चिंता रिंगणात मरणाऱ्या माणसांची आणि त्यांच्या आत्म्यांची होती. गोव्यात १९९६ साली उच्च न्यायालयाने धिरयो बेकायदा ठरवला, तेव्हा आधार घेतला गेला तो १९६०च्या प्राणिक्रौर्य प्रतिबंधक कायद्याचा, ज्यात जनावरांना एकमेकांवर सोडणे हे त्या जनावरांवरील क्रौर्य म्हणून गुन्हा मानले आहे. झुंजी त्यानंतरही चोरून होत राहिल्या, आणि त्यांना परंपरा म्हणून कायदेशीर मान्यता द्यावी, अशी मागणी गोव्याच्या विधानसभेत अधूनमधून होत असते.