नळदुर्ग जिल्ह्याचा कारभार आणि एक लाख माणसांचा हिशेब

प्राथमिक वर्गांत आपल्या जिल्ह्याची माहिती शिकविताना शिक्षक बहुधा आजच्या नकाशापासून आरंभ करतात. परंतु एखादा विद्यार्थी आजोबांच्या पेटीतील जुना कागद घेऊन येतो. त्यावर ‘जिल्हा नळदुर्ग’ असे लिहिलेले असते आणि मग वर्गात गोंधळ उडतो. वस्तुतः या मुलखाचे जिल्ह्याचे ठाणे पूर्वी नळदुर्ग हेच होते. विसाव्या शतकाच्या आरंभी ते धाराशिवास आले व जिल्ह्यास उस्मानाबाद हे नाव पडले. २०२३ साली शासनाने धाराशिव हे जुने नाव पुन्हा रूढ केले.

या जिल्ह्याची घडण कर्जातून सुरू झाली, असे म्हटले तरी चालेल. हैदराबादच्या निजामाकडे कंटिंजंट फौजेच्या खर्चाची बाकी तुंबली होती. ती फेडण्याकरिता १८५३ च्या तहाने वऱ्हाड, रायचूर दुआब आणि नळदुर्ग-धाराशिवचा मुलूख इंग्रजांच्या कारभाराखाली देण्यात आला. येथील कारभार कर्नल मेडोज टेलर या अधिकाऱ्याकडे आला व तो नळदुर्गास राहू लागला. कादंबरीकार म्हणून ज्याचे नाव वाचकांस ठाऊक असते, तोच हा गृहस्थ. येथील दिवसांविषयी त्याने आपल्या आत्मचरित्रात लिहिले आहे. १८५७ च्या उठावात निजाम सरकारने इंग्रजांस साहाय्य केले. त्याचा मोबदला म्हणून १८६० मध्ये नळदुर्ग व रायचूर दुआब परत मिळाले. वऱ्हाड मात्र इंग्रजांकडेच राहिले.

पुढे दिवाण सालारजंग यांनी १८६५ च्या सुमारास जिल्हाबंदी केली. तोपर्यंत अनेक ठिकाणी सारा वसूल करण्याचा मक्ता दिला जाई आणि मक्तेदार आपली भर काढून घेई. तो प्रकार मोडून पगारी अधिकारी नेमले गेले. जिल्ह्याच्या मुख्य अधिकाऱ्यास अव्वल तालुकदार म्हणत. आजच्या जिल्हाधिकाऱ्याचे ते पद होय. अयोध्या प्रांतातील तालुकदार म्हणजे जमीनदार, पण हैदराबादचा तालुकदार सरकारी नोकर होता. नावसारखेपणाने येथे फसगत होते. त्याच्या हाताखाली दुय्यम तालुकदार व तहसीलदार, आणि गावी पाटील व पटवारी. अव्वल तालुकदारावर सुभेदार असे व हा जिल्हा गुलबर्गा सुभ्यात मोडे. वरिष्ठ कचेऱ्यांचे दप्तर प्रथम फारसीत व पुढे उर्दूत चाले. रयतेपैकी बहुसंख्य लोक मराठी बोलणारे होते. म्हणजे अर्ज करावयाचा तर आधी तो लिहून देणारा माणूस शोधावा लागे.

परंतु अव्वल तालुकदाराचा हुकूम जिल्हाभर सारखा चालत नसे, ही गोष्ट नकाशावर दिसत नाही. सन १९०८ च्या इंपीरियल गॅझेटियरमध्ये जिल्ह्याचे क्षेत्र सुमारे ४,००० चौरस मैल दिले आहे. त्यातील सरकारच्या थेट वसुलीचा, म्हणजे खालसा, मुलूख २,६०० चौरस मैलांच्या आसपास होता. उरलेला तिसरा हिस्सा जागीरदारांच्या व पायगा उमरावांच्या ताब्यात होता. तेथील वसूल त्यांचे कारभारी करीत. शेजारची दोन गावे, एकच जमीन, एकच पाऊस. पण एका गावाने तहसीलदाराकडे दाद मागावयाची, तर दुसऱ्याने जागिरीच्या कचेरीकडे. ही विभागणी १९४९ मध्ये जागिरी खालसा होईपर्यंत टिकली.

आता लोकसंख्येकडे वळू. १८९१ च्या खानेसुमारीत जिल्ह्यात सुमारे ६ लाख ४९ हजार माणसे होती. १९०१ मध्ये ती सुमारे ५ लाख ३५ हजार भरली. दहा वर्षांत एक लाखाहून अधिक माणसे कमी झाली! पाच-सहा माणसांमागे एक, असे प्रमाण पडते. १८९९ मध्ये पावसाने दगा दिला व त्यापाठोपाठ आलेल्या भीषण दुष्काळाचा हा परिणाम होय. ज्वारी बुडाली, कडबा संपला आणि जनावरे गेली. बार्शी लाईट रेल्वे १८९७ मध्ये सुरू झाली होती, पण ती त्या वेळी इंग्रजी मुलखातील बार्शीपर्यंतच होती. लातूरपर्यंत ती १९११ मध्ये पोचली. बार्शीपुढे धान्य आणावयाचे तर बैलगाडीने, आणि बैलच उरले नव्हते. घटलेल्या लाखात मेलेले आहेत, तसे पोटासाठी परमुलखात गेलेलेही आहेत. खानेसुमारी फक्त जागेवर सापडलेले माणूस मोजते. जनगणनेच्या कामावर गेलेल्या शिक्षकांस हे सांगावयास नको.

१९०१ चा आकडा आणि २०११ चा १६ लाख ५७ हजारांचा आकडा फळ्यावर शेजारी लिहून लोकसंख्या तिप्पट झाली असे सांगण्याचा मोह होतो. तो टाळावा. त्या जिल्ह्यात औशाचा मुलूख होता. १९८२ मध्ये लातूर जिल्हा वेगळा झाल्यावर तो तिकडे गेला. हैदराबाद संस्थान भारतात विलीन झाल्यानंतर संस्थान व मुंबई राज्य यांच्या सीमेवरील एकमेकांत अडकलेल्या गावांचीही अदलाबदल झाली. दोन निरनिराळ्या आकारांच्या भांड्यांतील पाणी केवळ उंचीवरून मोजण्यासारखे ते होईल.

जुन्या कागदावर इसवी सन नसून फसली सन आढळेल. हैदराबादचे फसली वर्ष ऑक्टोबरच्या आरंभी बदले. म्हणून ऑक्टोबर ते डिसेंबर या महिन्यांचा कागद असल्यास फसली सनात ५९० मिळवावे, आणि जानेवारीनंतरचा असल्यास ५९१. विद्यार्थ्याने आणलेल्या कागदावर १३०९ फसली असेल, तर तो ऑक्टोबर १८९९ पासूनच्या वर्षाचा, म्हणजे ऐन दुष्काळातला होय. असा कागद मिळाल्यास तो मुलाच्या हाती परत देण्यापूर्वी त्याची नक्कल करून शाळेत ठेवावी, आणि त्यातील शेत, सारा व बाकी यांचे आकडे वर्गात वाचून दाखवावे.