शेत कोणाच्या नावे आहे?

गेल्या पावसाळ्यात नववीच्या वर्गात नागरिकशास्त्राचा तास चालू असता मी मुलांस एक साधा प्रश्न विचारला, की तुमचे शेत कोणाच्या नावे आहे? बहुतेकांनी "आमच्या" असे एका स्वरात उत्तर दिले. "आमच्या म्हणजे कोणाच्या?" असे पुन्हा विचारता कोणी वडिलांचे नाव सांगितले, कोणी आजोबांचे, व कित्येकांनी नुसत्या माना खाली घातल्या. तेव्हा घरच्या पेटीत सात-बाराचा उतारा असेल तो पाहून या, असे मी त्यांस सांगितले. जे उतारे वर्गात आले, त्यांतील एकावर खातेदार म्हणून ज्या गृहस्थांचे नाव होते, ते त्या मुलाचे पणजोबा निघाले. दुसऱ्या एका मुलाचे वडील वारून सहा वर्षे लोटली होती. तरी कागदावर ते अद्याप शेत वाहत होते. त्या मुलाची आई शेतात रोज राबते, पण तिचे नाव त्या कागदावर कोठेच नव्हते.

हा अनुभव आल्यावर असे वाटले, की जो कागद घरोघरी आहे पण फार थोड्यांनी वाचलेला आहे, त्याविषयी ह्या अंकात चार शब्द लिहावेत. हे लिहिणे जितके मुलांकरिता आहे तितकेच पालकांकरिताही आहे.

प्रथम हा कागद आला कोठून ते पाहू. १८५३ साली निजामाने वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात दिले, व पुढे १८६१ च्या सुमारास मुंबई इलाख्यातील पद्धतीप्रमाणे येथील जमिनीची मोजणी सुरू झाली. तेहतीस फूट लांबीची साखळी घेऊन मोजणीदार शेतोशेत फिरले. ह्या साखळीचा एक चौरस म्हणजे एक गुंठा, आणि चाळीस गुंठ्यांचा एक एकर. (हल्ली उताऱ्यावर हेक्टर व आर असतात, एक आर म्हणजे जवळजवळ एक गुंठा, व एक हेक्टर म्हणजे सुमारे अडीच एकर, एवढे ध्यानात ठेविले की पुरे.) प्रत्येक शेताचा धुरा ठरला, त्यास नंबर मिळाला, आणि त्या नंबराचा सारा सरकारात भरण्यास कोण जबाबदार आहे त्याचे नाव लिहिले गेले. त्यानंतर वऱ्हाड १९०३ साली मध्यप्रांतास जोडले गेले, १९५६ साली मुंबई राज्यात आले, व १९६० साली महाराष्ट्रात. आपले पातूर तर पूर्वी बाळापूर तालुक्यात मोडत असे. राज्ये बदलली, तालुके बदलले, कायदेही बदलले. पण शेतास नंबर व नंबरापुढे नाव, ही मांडणी तशीच राहिली.

सध्या चालू असलेला कायदा म्हणजे १९६६ चा महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम. तो १५ ऑगस्ट १९६७ पासून अमलात आला. ह्या कायद्याखाली गावच्या दप्तरात एकवीस प्रकारचे नमुने ठेवावयाचे असतात. त्यांपैकी सातवा नमुना हक्कांचा, व बारावा नमुना पिकांचा. दोन्ही एकाच कागदावर देतात, म्हणून त्यास सात-बारा म्हणावयाचे. नावात ह्यापलीकडे काही गूढ नाही.

आता कागद समोर घ्या. वरच्या भागात भूमापन किंवा गट क्रमांक, क्षेत्र व पोटखराबा दिलेला असतो. पोटखराबा म्हणजे नाला, खडक, खळे, रस्ता अशा कारणाने जे क्षेत्र लागवडीस येत नाही ते. तेथेच "भोगवटादार वर्ग १" किंवा "वर्ग २" असे लिहिलेले आढळेल. वर्ग १ ची जमीन मालक आपल्या इच्छेने विकू शकतो. वर्ग २ ची जमीन सरकारी परवानगीवाचून विकता येत नाही, आणि हे न पाहता जमीन घेणाऱ्यांनी आपली पुंजी बुडविल्याची उदाहरणे कमी नाहीत. मध्ये खातेदारांची नावे, व प्रत्येक नावापाशी एक लहानसा आकडा असतो. तो फेरफाराचा क्रमांक होय. ते नाव तेथे कधी व कशाने आले, हे त्या क्रमांकावरून फेरफाराच्या वहीत सापडते. "इतर हक्क" ह्या सदरात कुळ, विहिरीतील हिस्सा, वहिवाटीची वाट, कर्जाचा बोजा हे सर्व येते. पुष्कळ लोक वरचे नाव वाचून कागदाची घडी घालतात. माझ्या मते सर्वांत आधी वाचावयाचे ते हे सदर.

येथे एक भेद नीट समजून घेतला पाहिजे. उताऱ्यावर नाव असल्याने कोणी मालक बनत नाही. मालकी येते ती खरेदीखताने, वारशाने, वाटणीने किंवा बक्षीसपत्राने. पण कायद्याच्या १५७ व्या कलमाप्रमाणे, उलट सिद्ध होईपर्यंत नोंद खरी धरली जाते. म्हणजे नोंद चुकीची असेल तर ती खोटी ठरविण्याचा सारा भार, खर्च व हेलपाटे आपल्या डोक्यावर येतात. म्हणून मूळ खरेदीखतही जपावे. यिर्मया संदेष्ट्याने अनाथोथचे शेत सतरा शेकेल रुप्यास घेतले, तेव्हा साक्षीदार बोलाविले, आणि खरेदीचे लेख पुष्कळ दिवस टिकावेत म्हणून ते मातीच्या भांड्यात ठेवविले. तेही शहरास शत्रूचा वेढा पडलेला असताना!

नोंदीची खरी किंमत आपल्या भागास एकदा फार ठळकपणे कळली. विदर्भाकरिता १९५८ साली कुळवहिवाटीचा स्वतंत्र कायदा झाला, आणि त्यान्वये १ एप्रिल १९६१ पासून कायद्याच्या अटींत बसणाऱ्या कुळांकडे त्यांच्या कसण्यातील जमिनीची मालकी गेली. ज्याचे नाव कुळ म्हणून कागदावर होते, त्याचे काम सोपे झाले. जो तोंडी बोलीवर दुसऱ्याचे शेत वाहत होता, त्यास आपण कुळ आहो हे सिद्ध करीत बसावे लागले, व ते सर्वांस साधले नाही. घाम दोघांनीही सारखाच गाळला होता.

आता आपल्या नववीतील मुलाच्या घरासारख्या प्रसंगी काय करावे? खातेदार वारला म्हणजे तीन महिन्यांच्या आत त्याच्या वारसांनी तलाठ्यास (ज्यांस आता ग्राम महसूल अधिकारी असे नवे नाव मिळाले आहे) ती खबर द्यावयाची असते. मृत्यूचा दाखला, सर्व वारसांची नावे, त्यांचे वय व नाते, आणि प्रतिज्ञालेख जोडून अर्ज करावा. चौकशी होऊन फेरफाराच्या वहीत नोंद होते, संबंधितांस नोटीस जाते, व पंधरा दिवसांत कोणाची हरकत न आल्यास मंडळ अधिकारी ती नोंद प्रमाणित करतात. हरकत आली तर प्रकरण तक्रारीच्या वहीत जाते व सुनावणी होते. निकाल मान्य नसल्यास उपविभागीय अधिकाऱ्यांकडे साठ दिवसांत अपील करता येते. मुदत टळून गेली तरी वारसाचा हक्क नाहीसा होत नाही. पण वारसांची संख्या दर पिढीस वाढते, कोणी पुण्यास असतो, कोणी सुरतेस, आणि एका सहीकरिता वर्ष जाते.

दरम्यान नुकसान मात्र रोज होत असते. पीककर्ज मागावे तर उतारा मागतात. गारपिटीची मदत आली तर ती खातेदाराच्या नावे येते. २०१९ पासून केंद्र सरकार शेतकरी कुटुंबास वर्षाकाठी सहा हजार रुपये देते, तेही ज्याच्या नावे जमीन आहे त्यासच. मृत मनुष्याच्या बँकेच्या खात्यात पैसे पडत नाहीत.

वारसांच्या यादीसंबंधी थोडे अधिक स्पष्ट लिहितो, कारण खरी चूक येथेच होते. यादी करताना मुलांची नावे लिहितात आणि मुलींची गाळतात. कधी कधी विधवा आईचेही नाव गाळतात. "त्या आपल्या घरी सुखी आहेत" हे त्याचे कारण सांगण्यात येते. हिंदू वारसा कायदा १९५६ चा आहे. बापाच्या स्वकष्टार्जित मिळकतीत विधवा, मुलगा व मुलगी ह्यांस त्याने सारखाच वाटा दिला. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीस मुलाप्रमाणे जन्मतः हक्क महाराष्ट्राने १९९४ साली, व सर्व देशाने २००५ साली दिला. आणि २००५ साली बाप हयात नव्हता म्हणून हा हक्क जात नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सांगितले. आम्हां ख्रिस्ती लोकांस १९२५ चा वारसा कायदा लागू आहे, व त्यातही मुलगा-मुलगी असा भेद नाही. विधवेस एकतृतीयांश व उरलेले मुलांमुलींस सारखे. मुसलमान बांधवांच्या शरियतेतही मुलीचा वाटा निश्चित सांगितलेला आहे. ह्या विषयावर वर्गात बोलताना मला नेहमी गणना ह्या पुस्तकातील सलाफहादाच्या पाच मुली आठवतात. बापास मुलगा नव्हता, म्हणून त्याचे नाव कुळातून का पुसले जावे, असा प्रश्न घेऊन त्या मोशेपुढे, याजकापुढे व सर्व सरदारांपुढे उभ्या राहिल्या, आणि वतन घेऊनच परतल्या. बहिणीस आपला वाटा भावास खुशीने द्यावयाचा असेल तर तिला कोणी अडविलेले नाही. पण त्याकरिता नोंदणी केलेले हक्कसोडपत्र लागते. "तिने तोंडी सांगितले" हे पुरेसे नाही, आणि आधी तिचे नाव लागल्यावाचून तिने काय सोडले हेच कळत नाही.

पतीच्या हयातीतही पत्नीचे नाव लावता येते, हे फार थोड्यांस ठाऊक असते. १९९० च्या सुमारास शरद जोशी ह्यांच्या शेतकरी संघटनेने लक्ष्मीमुक्तीची चळवळ चालविली, आणि अनेक शेतकऱ्यांनी आपली काही जमीन पत्नीच्या नावे करून दिली. १९९२ साली शासनानेही पतीच्या अर्जावरून पत्नीचे नाव सहखातेदार म्हणून दाखल करण्याचा आदेश काढला.

सहकारी संस्थेशीही ह्या कागदाचा निकट संबंध आहे. १९६० च्या महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाप्रमाणे, गावच्या सेवा सहकारी संस्थेकडून पीककर्ज घेणारा सभासद आपल्या जमिनीवर बोजा लिहून देतो, व तो "इतर हक्क" सदरात चढतो. कर्ज फेडल्यावर लोक पावती घेऊन घरी येतात. बोजा मात्र कागदावर तसाच राहतो. संस्थेचा बेबाकी दाखला घेऊन तो कमी करविणे हे सभासदाचेच काम आहे.

घरांची गोष्ट निराळी. गावठाणातील घरांस सात-बारा नसतो. ग्रामपंचायतीचा नमुना आठ दाखवून पुष्कळ लोक घर आपले म्हणतात. पण ती कर आकारणीची यादी आहे, मालकीचा लेख नव्हे. एप्रिल २०२० मध्ये सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत गावठाणांची मोजणी आकाशातून ड्रोनने करून घरांस मिळकत पत्रिका देण्याचे ठरले. ज्या गावी मोजणी येईल, तेथील पालकांनी त्या दिवशी आपल्या घराच्या हद्दी स्वतः उभे राहून दाखवाव्यात. खुद्द पातुरात नगर परिषद असल्याने ग्रामपंचायतीचा कायदा लागू नाही. नगर भूमापन झालेल्या ठिकाणी घराचा कागद आखीव पत्रिका हा होय.

उतारा मिळविणे पूर्वीपेक्षा पुष्कळ सोपे झाले आहे. २०१८ पासून अंकीय स्वाक्षरीचा सात-बारा पंधरा रुपयांत घरबसल्या काढता येतो, आणि १५ ऑगस्ट २०२१ पासून पिकाची नोंद शेतकरी स्वतःच मोबाईलवर करतो. ह्या कामी मुलांचा हात वडीलधाऱ्यांपेक्षा चपळ चालतो, हे पालकही कबूल करतील.

ज्या मुलाच्या वडिलांचे नाव उताऱ्यावर सहा वर्षे राहिले होते, त्याने दिवाळीच्या सुटीत आईबरोबर जाऊन वारसाचा अर्ज दिला. परवा तो नवा उतारा मला दाखविण्यास घेऊन आला. त्यावर आईचे नाव प्रथम होते, मागून दोन बहिणींची, आणि सर्वांशेवटी त्याचे.