लेव्हन हेल्मचा ठेका

गवयानें गावें व तबलजीनें ठेका धरावा, ही रीत आपल्याकडे इतकी अंगवळणीं पडली आहे कीं, ठेका धरणारा माणूसच मुख्य गायक असूं शकेल ही कल्पना सहसा कोणाच्या मनांत येत नाहीं. अमेरिकेंतील लेव्हन हेल्म हा असा गायक होता. दोन्ही हातांनीं व दोन्ही पायांनीं ड्रम वाजवावे, मान बाजूस वळवून मायक्रोफोनांत गावें, आणि मधूनमधून चित्रपटांत कामें करावीं, असा त्याचा व्यवसाय. परंतु त्याच्याविषयीं लिहावें असें आम्हांस वाटलें तें या अष्टपैलुत्वामुळें नव्हे. गळा गेल्यावर त्यानें जें केलें त्यामुळें.

आर्कान्सा संस्थानांत कापूस पिकविणाऱ्या एका शेतकऱ्याच्या घरीं २६ मे १९४० रोजीं त्याचा जन्म झाला. जवळच्या हेलेना गांवच्या रेडिओ केंद्रावर १९४१ पासून एका पिठाच्या जाहिरातीनिमित्त सनी बॉय विल्यमसन हा कृष्णवर्णीय कलावंत गात असे. त्याच्या साथीस बसणाऱ्या पेक कर्टिसचे हात पाहत पाहत हा मुलगा ड्रम शिकला. तालमीची ही शाळा कोणत्याहि विद्यालयापेक्षां सरस होती असें आमचें मत आहे.

शाळा संपल्यावर तो रॉनी हॉकिन्स या गायकाच्या ताफ्यांत शिरला व त्याच्याबरोबर कॅनडांत गेला. तेथें त्याला जे चार सोबती मिळाले ते सर्व कॅनडाचे. दक्षिणेकडचा हा एकटाच. १९६५ सालीं या मंडळींनीं बॉब डिलनची साथ पत्करली. डिलननें विजेची गिटार हातीं घेतल्यामुळें लोकगीतांचे चाहते सभागृहांत रोज हुर्यो करीत. हेल्मला तें सोसलें नाहीं. वर्ष संपण्यापूर्वींच तो निघून गेला आणि मेक्सिकोच्या आखातांत तेलविहिरींवर मजुरी करूं लागला!

१९६७ मध्यें सोबत्यांनीं त्याला परत बोलाविलें. न्यूयॉर्क संस्थानांतील वुडस्टॉकजवळ एका गुलाबी घराच्या तळघरांत त्यांचें गाणेंबजावणें चालत असे. (बंगालचे बाउल गायक पूर्णदास व लक्ष्मणदास यांचें गायनहि याच तळघरांत ध्वनिमुद्रित झालें, हें आपल्या वाचकांस कौतुकाचें वाटेल.) १९६८ मध्यें 'द बँड' एवढ्याच नांवानें त्यांची पहिली तबकडी निघाली. हेल्म ठेका धरी तो किंचित् मागें रेलून, घाई न करतां. पुढच्या वर्षींच्या 'अप ऑन क्रिपल क्रीक' या गाण्यांत तर कृष्णवर्णीयांच्या फंक संगीताची डुलती चाल त्यानें रॉकमध्यें अशी मुरविली कीं, सांधा शोधून सांपडत नाहीं.

२५ नोव्हेंबर १९७६ रोजीं सॅन फ्रान्सिस्को येथें निरोपाचा जलसा झाला; मार्टिन स्कॉर्सेसेनें त्याचा चित्रपट केला. मागें उरला तो कटु वाद. बहुतेक गाण्यांवर रचनाकार म्हणून रॉबी रॉबर्टसनचें नांव होतें. त्यांत सर्वांचा वांटा होता असें हेल्मनें १९९३ च्या आत्मचरित्रांत लिहिलें, आणि रॉबर्टसननें तें नाकारलें. तळघरांत बसून पांच जणांनीं घडविलेल्या गाण्याची वांटणी कागदावर कशी करावी, हें कायद्याला सुद्धां अवघडच आहे.

नट म्हणून तो आला तो १९८० मध्यें. 'कोल माइनर्स डॉटर' या चित्रपटांत गायिका लॉरेटा लिनच्या वडिलांची, एका गरीब कोळसा-खाणकामगाराची, भूमिका त्यानें केली. कष्टकरी बाप त्यानें घरींच पाहिलेला होता. अभिनयाचा आव आणण्याचें त्याला कारणच पडलें नाहीं. १९८३ च्या 'द राइट स्टफ' मध्यें तो वैमानिक चक येगरचा सोबती रिडली झाला. येगरच्या बरगड्या मोडल्या आहेत, विमानाचें दार ओढवत नाहीं. हा झाडूचा दांडा कापून त्याच्या हातीं देतो. तेथेंहि तो साथीदारच!

१९९८ मध्यें घशाचा कर्करोग निघाला. किरणोपचारांनीं जीव वांचला, पण आवाज गेला. कुजबुजीपलीकडे कांहीं निघेना. औषधोपचारांचें देणें डोक्यावर, घर गहाण. अशा स्थितींत तो वुडस्टॉकच्या आपल्या कोठारांत इतरांच्या गाण्याला नुसता ठेका धरीत बसला. २००४ पासून तेथें शनिवारीं रात्रीं तिकीट लावून बैठकी सुरू झाल्या, 'मिडनाइट रँबल' या नांवानें. लहानपणीं गांवांत येणाऱ्या तमासगिरांच्या खेळानंतर रात्रीं उशिरां जो खुला खेळ होई, त्याचें हें नांव. श्रोते ड्रमपासून हाताच्या अंतरावर बसत. हळूहळू त्याच्या घशांतून सूर फुटूं लागला. पूर्वींचा नव्हे, खरखरीत, परंतु त्याचाच.

मुलगी एमी हिच्या साहाय्यानें २००७ मध्यें 'डर्ट फार्मर' ही तबकडी निघाली; आईबापांकडून ऐकलेलीं जुनीं गाणींहि तींत होतीं. तिला ग्रॅमी पारितोषिक मिळालें. त्यानंतर आणखी दोन मिळालीं, त्यांतलें शेवटचें फेब्रुवारी २०१२ मध्यें. त्याच वर्षीं १९ एप्रिल रोजीं न्यूयॉर्क येथें त्याचें देहावसान झालें. कोठारांतील बैठकी त्यानें अखेरच्या कांहीं आठवड्यांपर्यंत चालू ठेवल्या होत्या.