मणि कौल : माहितीपलीकडचा माहितीपट

‘माहितीपट’ हा आपल्याकडे रूढ झालेला शब्द मणि कौल (१९४४–२०११) यांच्या बाबतीत अपुरा पडतो. त्याहून ‘अनुबोधपट’ हा जुना शब्द मला बरा वाटतो. ‘अनु’ म्हणजे मागून. आणि कौलांच्या चित्रपटाचा बोध खरोखरच मागून, सावकाश होतो.

जोधपूरचे कौल पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटकांचे विद्यार्थी होते. आपल्या ग्वाल्हेरकरांना त्यांचे नाव परके वाटू नये. जुन्या ग्वाल्हेर संस्थानातील श्योपूर येथे मराठी घरात जन्मलेले हिंदी कवी मुक्तिबोध यांच्या साहित्यावर त्यांनी १९८० मध्ये ‘सतह से उठता आदमी’ हा चित्रपट केला. उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे त्यांनी धृपद शिकले, आणि १९८२ मध्ये ‘धृपद’ हा अनुबोधपट आला. आलापीत गवई एकेका स्वरावर थांबतो, त्याच धीराने तेथे कॅमेरा दगडी वास्तूंवरून फिरतो.

परंतु त्यांच्या शैलीचे मर्म ‘सिद्धेश्वरी’ (१९८९) मध्ये सापडते. बनारसच्या थोर ठुमरीगायिका सिद्धेश्वरीदेवी १९७७ मध्ये निवर्तल्या होत्या. जी व्यक्तीच समोर नाही, तिचे चित्रण करायचे कसे? सरळ मार्ग होता : जन्मसाल, छायाचित्रे, परिचितांच्या मुलाखती. तो कौलांनी नाकारला. चरित्राला त्यांनी ठुमरीचीच घडण दिली. ठुमरीत ‘बोलबनाव’ असतो : गायिका एकच ओळ पुनःपुन्हा घेते, शब्द तेच, पण स्वरांची वळणे बदलतात आणि दर वेळी त्याच शब्दांतून कधी रुसवा, कधी विनवणी, कधी विरह उमटतो. या चित्रपटात आयुष्यातले प्रसंग असेच येतात. पोरके बालपण, मावशीचे घर, गुरू, गंगेचा घाट हे सारे कालक्रमाने मांडलेले नाही. आपल्या काव्यशास्त्राच्या परिभाषेत सांगायचे तर येथे अभिधा मागे सरते आणि व्यंजना काम करते.

माझ्या काही विद्यार्थ्यांची तक्रार असे की, यात कोण कोणाचे हेच कळत नाही. तक्रार अगदीच निराधार नाही. सिद्धेश्वरीदेवींचे नावही ज्याने ऐकलेले नाही, त्याला हा चित्रपट हात देत नाही. त्याने आधी चरित्राची दोन पाने वाचावीत आणि निदान एक ध्वनिमुद्रिका ऐकावी. मात्र तेवढ्यासाठी निवेदकाचा खुलासेवार आवाज घातला असता, तर ठुमरी थांबवून तिचा अर्थ सांगितल्यासारखे झाले असते.

गायिकेची भूमिका करणाऱ्या मीता वसिष्ठ शेवटी पडद्यावर जुने चित्रमुद्रण पाहताना दिसतात. त्यात खुद्द सिद्धेश्वरीदेवी गात आहेत. इतका वेळ जिने त्यांचे रूप धारण केले, ती आता आपल्यासारखीच श्रोता झालेली असते.