श्रीपाद कृष्ण कोल्हटकर : बारा नाटके आणि मूठभर पोहे

बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तर भागात, सातपुड्याच्या पायथ्याशी, जळगाव-जामोद हे तालुक्याचे गाव आहे. खानदेशातील जळगावाशी गल्लत होऊ नये म्हणून जवळच्या जामोद गावाचे नाव त्याला जोडून घेण्याचा प्रघात आहे. आगगाडीचा मार्ग या गावावरून जात नाही. मुंबई-पुण्याची नाटकगृहे येथून शेकडो मैल दूर. अशा ठिकाणी कज्जेदलालीचे कागद चाळीत बसलेल्या एका वकिलाने मराठी रंगभूमीला नवे वळण लावावे, ही गोष्ट सहसा खरी वाटू नये. परंतु ती खरी आहे. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर हे ते वकील होत.

कोल्हटकरांचा जन्म २९ जून १८७१ रोजी झाला. अकोल्यास शालेय शिक्षण संपवून ते पुण्याच्या डेक्कन कॉलेजात गेले. १८९१ साली पदवीधर झाले आणि १८९७ साली कायद्याची परीक्षा उतरले. प्रथम अकोल्यास, पुढे जळगाव-जामोद येथे आणि त्यानंतर खामगावास त्यांनी वकिली केली. जळगाव व खामगाव हे दोन्ही तालुके आधी अकोला जिल्ह्यात मोडत असत. १९०५ साली वऱ्हाडची फेरमांडणी झाली तेव्हा ते बुलढाण्यास जोडले गेले. म्हणजे कोल्हटकरांच्या कर्तृत्वाचा मोठा काळ आजच्या बुलढाणा जिल्ह्याच्या भूमीवर व्यतीत झाला, असे म्हणण्यास हरकत नाही.

लेखक म्हणून त्यांचे नाव पुढे आले ते टीकाकाराच्या भूमिकेतून. १८९३ साली ‘विविधज्ञानविस्तार’ मासिकात ‘विक्रमशशिकला’ या नाटकाचे त्यांनी केलेले परीक्षण प्रसिद्ध झाले. ग्रंथाचे चार ओळींत कौतुक करावे किंवा चार ओळींत त्याची वासलात लावावी, एवढ्यावर त्यांचे समाधान होत नसे. कथानकाची जुळणी कशी आहे, पात्रे आपापल्या स्वभावास धरून वागतात की नाही, भाषा प्रसंगास शोभते की नाही, याची ते बारकाईने छाननी करीत. दुसऱ्याचे नाटक असे उकलून पाहणारा मनुष्य लवकरच स्वतः नाटक लिहू लागला, यात नवल नाही.

त्यांचे पहिले नाटक ‘वीरतनय’ हे किर्लोस्कर नाटक मंडळीने १८९६ साली रंगभूमीवर आणले. त्या नाटकाचे नावीन्य समजण्यासाठी तत्पूर्वीची स्थिती ध्यानात घेतली पाहिजे. अण्णासाहेब किर्लोस्करांचे ‘शाकुंतल’ १८८० साली आणि ‘सौभद्र’ १८८२ साली आले. त्यांच्या यशामुळे संगीत नाटक म्हणजे पुराणातील अथवा संस्कृत काव्यनाटकांतील कथा, हा जणू नियमच होऊन बसला होता. प्रेक्षकास कथा आधीच ठाऊक असे. तो येई तो गाणे ऐकण्यास आणि ओळखीचे प्रसंग पुन्हा डोळ्यांनी पाहण्यास. कोल्हटकरांनी ही चाकोरी सोडली. त्यांनी कथा स्वतः रचली. शेक्सपिअर व मोलियर यांच्या सुखात्मिकांचा अभ्यास करून वेषांतर, ओळख पटण्यातील घोटाळे, दोन-तीन उपकथानकांची गुंफण, संवादातील चटकदार सवालजवाब हे सारे त्यांनी मराठी नाटकात आणले. पुढे काय होणार हे ठाऊक नसलेला प्रेक्षक त्यांनी नाटकगृहात आणून बसविला.

संगीतातही त्यांनी असेच धाडस केले. किर्लोस्करांच्या पदांना साकी, दिंडी, कीर्तनातील व कर्नाटकाकडील चालींचा आधार होता. कोल्हटकरांचे लक्ष पारशी मंडळ्यांच्या उर्दू-गुजराती नाटकांतील चटपटीत चालींकडे गेले. त्या चालींवर त्यांनी मराठी पदे बांधली. तरुण प्रेक्षकांना त्या चाली विलक्षण आवडल्या, तर जुन्या रसिकांनी नाके मुरडली. चालीच्या ठेक्यात शब्द बसविताना अर्थाची ओढाताण होते, हा आक्षेप मात्र अगदीच निराधार नव्हता.

‘वीरतनया’नंतर सुमारे तीस वर्षांत आणखी अकरा नाटके त्यांच्या लेखणीतून उतरली. समाजसुधारणा हा त्यांपैकी अनेकांचा गाभा होय. १९०१ सालच्या ‘मूकनायका’त मद्यपानाचा निषेध आहे, ‘गुप्तमंजूषा’त स्त्रीशिक्षणाचा पुरस्कार आहे, आणि १९०७ सालच्या ‘मतिविकारा’त पुनर्विवाहाचा प्रश्न हाताळला आहे. विधवाविवाहाला कायद्याची संमती १८५६ सालीच मिळाली होती. परंतु कायद्याने जे मोकळे केले ते समाजाने पन्नास वर्षांनंतरही बंदच ठेवले होते. त्या काळी तिकीट काढून करमणुकीस आलेल्या कुटुंबवत्सल गृहस्थासमोर हा विषय मांडणे हे कमी धैर्याचे काम नव्हते. कादंबरीचे क्षेत्रही त्यांनी वर्ज्य मानले नाही. ‘दुटप्पी की दुहेरी’ आणि ‘श्यामसुंदर’ या त्यांच्या कादंबऱ्या १९२५ साली प्रसिद्ध झाल्या. शिवाय भारतीय ज्योतिर्गणितावर त्यांनी १९१३ साली ग्रंथ लिहिला, आणि महाराष्ट्राच्या गौरवाचे त्यांचे गीत तर शाळाशाळांतून मुलांच्या तोंडी झाले. १९२७ साली पुण्यास भरलेल्या साहित्यसंमेलनाचे अध्यक्षपद त्यांना देण्यात आले, ते या साऱ्या सेवेची पावती म्हणूनच.

एवढे असूनही आज कोल्हटकरांच्या नाटकाचा प्रयोग पाहिलेला मनुष्य सापडणे कठीण. ‘सौभद्र’ त्यांच्या आधीचे असून गायिले जाते. गोविंद बल्लाळ देवलांचे ‘शारदा’ १८९९ सालचे, म्हणजे ‘वीरतनया’नंतर अवघ्या तीन वर्षांचे, तेही लोकांच्या स्मरणात आहे. मग कोल्हटकरांचीच नाटके मागे का पडली?

याचे उत्तर त्यांच्या गुणांतच दडलेले आहे. कथानक स्वतः रचण्याची हौस हळूहळू ते गुंतागुंतीचे करण्याच्या हौसेत परिणत झाली. एका योगायोगावर दुसरा, दुसऱ्यावर तिसरा असे मजले चढत गेले, आणि प्रेक्षकाचे सारे अवधान धागे सोडविण्यातच खर्ची पडू लागले. पात्राच्या सुखदुःखासाठी ते उरेना. संवादांतील कोटिबाजीचेही तेच झाले. नायक बुद्धिमान, नायिका बुद्धिमान, आणि सेवकही तितकाच बुद्धिमान. प्रत्येकाच्या तोंडून कोल्हटकरच बोलत आहेत असे वाटू लागले. देवलांच्या ‘शारदे’त म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधली जाणारी मुलगी घरात बोलावे तसे बोलते, आणि म्हणूनच ऐकणाऱ्याच्या काळजाला हात घालते. येथे आणखी एक भेद विसरता येत नाही. देवल हे नटांना तालमी देणारे होते. कोणते वाक्य रंगमंचावर उभे राहते आणि कोणते कोसळते, हे त्यांना रोज दिसत असे. कोल्हटकरांचे घर मात्र नाटक मंडळीच्या बिऱ्हाडापासून दूर वऱ्हाडात होते. त्यांची नाटके वाचनाच्या खोलीत जेवढी चमकतात तेवढी दिव्यांच्या उजेडात चमकत नाहीत, याचे निदान एक कारण या अंतरात शोधणे अयोग्य ठरणार नाही.

त्यांनी नांगरलेल्या शेतात पीक काढले ते दुसऱ्याने. राम गणेश गडकरी हे कोल्हटकरांना उघडपणे गुरू मानीत. कल्पनेची भरारी, शब्दांवरील हुकमत आणि कोटीची हौस ही त्यांनी गुरूपासूनच उचलली. परंतु तिला त्यांनी भावनेची जोड दिली. ‘मूकनायका’त मद्यपानाचा विषय गुरूने सुखान्त कथेच्या वेष्टनात गुंडाळून दिला होता; तोच विषय शिष्याने ‘एकच प्याल्या’त एका संसाराची राखरांगोळी दाखवून मांडला. १९१९ सालच्या जानेवारीत गडकरी अवघ्या तेहतिसाव्या वर्षी निवर्तले आणि त्यानंतर काही आठवड्यांतच ‘एकच प्याला’ रंगभूमीवर आले. ते आजही विसरले गेलेले नाही. शिष्याच्या मागे गुरू पंधरा वर्षे जगले, आणि आपल्या नाटकांवर पडलेली शिष्याच्या नाटकांची छाया त्यांना डोळ्यांदेखत पाहावी लागली. तरीही वि. स. खांडेकरांसारखा पुढच्या पिढीतील लेखक त्यांनाच गुरुस्थानी मानीत राहिला, ही गोष्ट दोघांनाही भूषणावह आहे.

कोल्हटकरांची खरी मिरास मात्र वेगळीच ठरली. १९०२ साली त्यांनी ‘साक्षीदार’ हा विनोदी लेख लिहिला. न्यायकचेरीत रोज बसणाऱ्या वकिलाला हा विषय शोधण्यास दूर जावे लागले नसेल. त्यानंतर असे लेख होत गेले आणि १९१० साली त्यांतील अठरा लेखांचे पुस्तक ‘सुदाम्याचे पोहे’ या नावाने निघाले. अठरा लेख म्हणून त्यास ‘अठरा धान्यांचे कडबोळे’ असेही नाव होते. पुढे लेखांची संख्या वाढून बत्तीस झाली. सुदामा हा त्यांतील निवेदक, आणि बंडूनाना व पांडुतात्या हे त्याचे सोबती.

या विनोदाची रीत पाहण्यासारखी आहे. शिमगा, श्रावणी, गणेशचतुर्थी यांसारखा विषय घ्यावयाचा. त्यातील खुळचट रूढीवर हल्ला न करता उलट तिचे वकीलपत्रच घ्यावयाचे. आणि अत्यंत गंभीर मुद्रेने, एकामागून एक प्रमाण देत, ती रूढी तिच्या तर्कशुद्ध शेवटापर्यंत नेऊन सोडावयाची. त्या शेवटाशी पोहोचताच वाचकास हसू फुटते, आणि हसता हसता त्याच्या लक्षात येते की आपणही कालपरवा हेच करीत होतो. ‘चोरांचे संमेलन’ या लेखात चोरही सभ्य गृहस्थांप्रमाणे सभा भरवितात. तेव्हा हसे चोरांचे होते की सभांचे, हे ज्याचे त्याने ठरवावे. त्यांचा रोख रूढीवर असे, मनुष्यावर क्वचितच. नाटकात जी कोटी पात्राच्या स्वाभाविकपणाच्या आड येई, तीच निबंधात शोभून दिसली. कारण येथे बोलणारा एकटा सुदामाच होता, आणि त्याने चतुर असावे ही तर वाचकाचीच अपेक्षा होती.

मराठीत विनोद त्यापूर्वी नव्हता असे नाही. संतांच्या वाणीत तो आहे, तमाशाच्या फडात आहे, नाटकातील विदूषकाच्या तोंडी आहे. परंतु विनोद हाच ज्याचा हेतू, असा स्वतंत्र निबंध घरच्या बैठकीत मोठ्याने वाचण्याजोगा करून दाखविला तो कोल्हटकरांनी. गडकऱ्यांचा ‘बाळकराम’, चिं. वि. जोशी यांचे चिमणराव, आचार्य अत्रे यांचे विडंबन आणि त्यांनंतर पु. ल. देशपांडे यांचे लेखन, ही सारी मंडळी याच वाटेने आली.

१ जून १९३४ रोजी कोल्हटकरांचे निधन झाले. त्यांचे ‘आत्मवृत्त’ दुसऱ्या वर्षी प्रसिद्ध झाले, आणि ‘मायाविवाह’ हे नाटक छापून निघण्यास १९४६ साल उजाडावे लागले. तोवर बोलपटाने नाटक मंडळ्यांचा संसार मोडीत काढला होता. ते नाटक कोणासाठी छापले, असा प्रश्न एखाद्यास पडला असल्यास आश्चर्य नाही.

लेखक आपल्या श्रमाचा मोठा वाटा ज्यास देतो तेच काळ जपून ठेवील, असा काही करार नाही. कोल्हटकरांनी बारा नाटकांचे पंचपक्वान्न वाढले आणि शेजारी सहज म्हणून पोह्यांची पुरचुंडी ठेवली. लोकांनी पुरचुंडी उचलली. परंतु पक्वान्ने वाया गेली, असा हिशेब मांडणे अन्यायाचे होईल. कल्पित सामाजिक कथेवर रंगभूमी उभी राहू शकते, ही खात्री त्यांनी करून दिली नसती तर पुढील नाटककारांना ती वाट स्वतः तोडावी लागली असती. आजच्या घरात त्यांच्या ओळखीस आरंभ करावयाचा असेल तर तो ‘सुदाम्याच्या पोह्यां’नी करावा, जेवणानंतर एखादा लेख मोठ्याने वाचावा. भाषा प्रथम थोडी जुनी वाटेल, वाक्ये लांब वाटतील. पण दुसऱ्या-तिसऱ्या पानावर कोणी तरी हसेल. मग त्या ओळखीच्या बळावर ‘मूकनायक’ अथवा ‘मतिविकार’ हाती घ्यावे, म्हणजे जळगाव-जामोदच्या या वकिलाने रंगभूमीपुढे कोणता दावा मांडला होता, हेही कळून येईल.