मैलापाण्यात दाणा का भरत नाही?

शहराला पाणी कोठून येते, हे नागरिकास बहुधा ठाऊक असते. तानसा, खडकवासला, गंगापूर ही नावे तो सहज सांगतो. मोरीतून ते पुढे कोठे जाते याची चौकशी मात्र तो करीत नाही. आणि त्याने ती करावी, अशी नगरपालिकेचीही इच्छा नसते. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २०२१ साली प्रसिद्ध केलेल्या आकडेवारीनुसार देशातील शहरांतून दररोज ७२,३६८ दशलक्ष लिटर मैलापाणी निघत होते. उभारलेल्या शुद्धीकरण केंद्रांची क्षमता होती ३१,८४१ दशलक्ष लिटरांची, आणि प्रत्यक्ष शुद्धीकरण होत होते २०,२३६ दशलक्ष लिटरांचे. पहिली तूट पैशाची आहे, असे म्हणून स्वतःचे समाधान करून घेता येईल. परंतु जी केंद्रे उभी आहेत, त्यांचाही तिसरा हिस्सा रिकामा का राहावा? ही दुसरी तूट नव्या कर्जाने भरून निघणारी नाही, आणि तिचा उलगडा एका अगदी क्षुल्लक दिसणाऱ्या वस्तूच्या इतिहासातून बराचसा होतो. ती वस्तू म्हणजे गाळाचा दाणा.

मैलापाणी शुद्ध करतात ते जंतू. यंत्रे केवळ त्यांची सरबराई करतात. १९१४ साली मँचेस्टर येथे आर्डर्न आणि लॉकेट या दोघा रसायनशास्त्रज्ञांनी असे दाखविले की, मैलापाण्यात हवा खेळवून तळाशी बसलेला गाळ फेकून न देता पुनःपुन्हा वापरला, तर शुद्धीकरण काही तासांत होते. त्या गाळात जंतूंची वस्ती असते. या कामाची प्रेरणा ज्यांच्याकडून मिळाली, ते डॉ. गिल्बर्ट फाउलर पुढे दोनच वर्षांत बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत प्राध्यापक म्हणून आले. म्हणजे ही विद्या आपल्या दारी फार उशिरा आली, अशी तक्रार आपणास करता येणार नाही.

शंभर वर्षे जगभर चाललेल्या या पद्धतीत एक उणीव होती. जंतूंचे पुंजके पिंजलेल्या कापसासारखे हलके असतात. ते पाण्यातून तासाला जेमतेम एखादा मीटर खाली जातात. म्हणून निवळण्यासाठी विस्तीर्ण टाक्या लागतात. त्यासाठी जागा हवी, आणि हवा फुंकण्यासाठी रात्रंदिवस वीज हवी. हेच पुंजके घट्ट, गोल दाणे झाले तर? दाणा झरझर खाली बसेल, थोड्या जागेत पुष्कळ जंतू मावतील. कल्पना साधी आहे. पण जंतूंना दाणा धरावयास लावणे हे साचा करून ओतीव काम काढण्यासारखे नव्हे.

नेदरलँड्समधील वागेनिंगेन कृषी विद्यापीठातील खाट्से लेटिंगा यांना १९७०च्या दशकात हे साधले. त्यांची पद्धत हवेशिवाय जगणाऱ्या जंतूंची होती. टाकीच्या तळातून पाणी वर चढते, वाटेत गाळाच्या थरातून जाते, आणि जंतू घाणीचे मिथेन वायूत रूपांतर करतात. जे हलके ते पाण्याबरोबर वाहून जाते, जे जड ते टिकते. अशा निवडीतून कालांतराने वाटाण्यापेक्षा लहान, काळेभोर दाणे तयार होतात. ब्रेडा येथील साखर कारखान्याच्या सांडपाण्यावर हा प्रयोग यशस्वी झाला. हवा फुंकावयाची नाही, उलट जळाऊ वायू मिळावयाचा! लेटिंगांनी या शोधाचे पेटंट घेतले नाही. गरीब देशांना तो मुक्तपणे वापरता यावा, ही त्यांची भूमिका होती. मळीपासून मद्यार्क काढणाऱ्या आसवन्यांच्या दाट, ऊन सांडपाण्यापासून वायू मिळविण्यासाठी या जातीच्या टाक्या पुढे आपल्याकडेही आल्या.

शहरी मैलापाण्याची गोष्ट निराळी. गंगा शुद्धीकरण योजना १९८६ साली सुरू झाली, आणि तिच्यात भारत-डच सहकार्याने कानपूरच्या जाजमऊ भागात १९८९ मध्ये दररोज ५० लाख लिटर मैलापाण्याचे प्रायोगिक केंद्र चालू झाले. प्रारंभीचे निष्कर्ष वाईट नव्हते; सुमारे तीन चतुर्थांश सेंद्रिय घाण निघून जात होती. लगेच मिर्झापूर झाले; कानपुरातच चामडी कमावण्याच्या कारखान्यांचे पाणी मैलापाण्यात मिसळून शुद्ध करणारे ३६० लाख लिटरांचे केंद्र झाले; आणि १९९३ नंतर यमुना योजनेत, जपानी कर्जाच्या साहाय्याने, आग्र्यापासून फरिदाबादपर्यंत या टाक्यांची रांगच लागली.

आणि दाणा? तो बहुतेक ठिकाणी भरलाच नाही. आसवनीच्या सांडपाण्यात लिटरमागे लाखभर मिलिग्रॅम खाद्य असते, तर शहरी मैलापाण्यात चार-पाचशे. त्यात पुन्हा रस्त्यावरची माती आणि रेती. अशा पातळ आहारावर जंतू सुटे राहिले. बाहेर पडणारे पाणी पुढील तळ्यात आणखी निवळल्याखेरीज नदीत सोडण्याजोगे नसे. अमोनिया तर जसाच्या तसा राही. चामड्याच्या पाण्यातील सल्फेटापासून हायड्रोजन सल्फाइड होई, आणि तो वायू लोखंड व काँक्रीट खाई. हवा फुंकण्यास वीज लागत नसली तरी मैलापाणी टाकीपर्यंत चढविणाऱ्या पंपांना ती लागतेच. वीज गेली की पाणी थेट नदीत. ज्या मिथेनचे एवढे कौतुक, त्याचा बराच भाग पाण्यात विरघळूनच बाहेर जाई. यांतील काही दोष पद्धतीचे होते, हे मान्य केले पाहिजे. पण पातळ मैलापाण्याला कोणता जोड-उपचार लागेल, गाळ केव्हा आणि किती काढावा, हे प्रश्न प्रायोगिक केंद्रात वर्षानुवर्षे सोडवावयाचे असतात. आपण प्रायोगिक केंद्राचे आराखडे उचलले आणि ते मोठ्या मापात काढले.

आता दुसऱ्या दाण्याकडे वळू. हवेत वाढणाऱ्या जंतूंचेही दाणे होऊ शकतात, हे १९९०च्या दशकात प्रयोगशाळांतून दिसू लागले. नेदरलँड्समधीलच डेल्फ्ट येथील मार्क व्हॅन लूसड्रेख्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याची पद्धत बसविली. एकच उंच टाकी. तळातून कच्चे पाणी आत येते, त्याच वेळी वरून शुद्ध पाणी बाहेर पडते. मग हवा, मग थोडा वेळ निवळण. निवळण्यास मुद्दामच थोडा अवधी द्यावयाचा, म्हणजे आळशी पुंजके वाहून जातात आणि जड दाण्यांचीच संतती वाढते. दाण्याच्या बाहेरच्या थरात प्राणवायू पोचतो, तेथील जंतू अमोनियाचे नायट्रेट करतात; आत प्राणवायू नसतो, तेथले जंतू त्या नायट्रेटचा नायट्रोजन करून सोडतात; फॉस्फरस साठविणारे जंतू त्यांच्याच शेजारी. पूर्वी तीन टाक्यांत जे चालत असे, ते मिलिमीटरभर दाण्यात चालते. खारमरवोल्डे येथील केंद्राविषयी २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या मोजणीत विजेचा खर्च त्या देशातील नेहमीच्या केंद्रांच्या सरासरीपेक्षा ५८ ते ६३ टक्क्यांनी कमी भरला. व्हॅन लूसड्रेख्ट यांना २०१८ चे स्टॉकहोम जल पारितोषिक ब्रूस रिटमन यांच्यासमवेत मिळाले.

हे वाचून आपल्याकडील कोणा आयुक्तांच्या तोंडास पाणी सुटले तर नवल नाही. जागेची टंचाई आणि विजेचे बिल ही दोन्ही दुखणी एकदम जाणार! भाभा अणुसंशोधन केंद्राच्या कल्पक्कम येथील शास्त्रज्ञांनीही दाणेदार गाळाची स्वतःची पद्धत विकसित केली आहे, तेव्हा परदेशाकडे पाहण्याचेही कारण नाही. मग भीती कशाची?

भीती कानपूरची आहे. डेल्फ्टच्या प्रयोगशाळेतून निघालेला दाणा एपे गावच्या पहिल्या डच नागरी केंद्रात २०११-१२ मध्ये पोचला. मध्ये एडे येथील प्रायोगिक टाकी, मग कारखान्यांचे सांडपाणी, मग दक्षिण आफ्रिकेतील खान्सबाई येथील केंद्र, असा दशकाहून अधिक काळचा प्रवास होता. हा प्रवास विद्यापीठ, अभियंत्यांची कंपनी आणि तेथील जल मंडळे यांनी मिळून केला. ही जल मंडळे कित्येक शतकांपूर्वीची आहेत. ती निवडून येतात, स्वतःचा कर बसवितात, आणि पाण्यावाचून दुसरे काम करीत नाहीत. त्यामुळे तेथे केंद्राला मालक असतो. आपल्याकडे केंद्र बांधते एक खाते, पैसा देते दुसरे, चालविते ठेकेदाराचे माणूस, आणि ते बंद पडल्याची नोटीस काढते चौथेच कार्यालय. पेटंट नसलेली, फुकट मिळालेली पद्धतही ज्या व्यवस्थेत रुजली नाही, त्या व्यवस्थेत परवाना घेऊन आणलेली पद्धत रुजेल, असे मानण्यास आधार काय?

निविदांत टाकीचे घनफळ असते, पंपांची अश्वशक्ती असते. टाकी चालविणाऱ्या रसायनज्ञाचे वेतन आणि त्याच्या नेमणुकीची मुदत यांचा उल्लेख शोधूनही सापडणे कठीण. गाळाला दाणा धरला की नाही, हे पाहण्याची चाचणी वस्तुतः शाळकरी मुलासही करता येईल. एक लिटरच्या काचेच्या नळकांड्यात टाकीतले पाणी घ्यावे आणि घड्याळ लावावे. पाच मिनिटांनी गाळ जेथे बसला तेथेच अर्ध्या तासानेही असेल, तर तो दाणेदार. तोवर खाली जातच राहिला, तर पुंजक्यांचा.

काही वर्षांपूर्वी एका जिल्ह्याच्या गावी असलेले केंद्र पाहण्याचा योग आला. (तेथील गाळ जुन्या पद्धतीचाच होता, पण चाचणी तीच.) दारात उद्घाटनाची संगमरवरी पाटी होती, बाग होती. प्रयोगशाळेतील नोंदवही मागितली, ती लगेच पुढे करण्यात आली. अर्ध्या तासानंतरच्या गाळाच्या रकान्यात सलग तीन महिने रोज एकच आकडा होता. नळकांडे दाखवा म्हटले, तेव्हा किल्ली ज्यांच्याकडे होती ते गृहस्थ रजेवर होते.